जाहीर झालेला लाभांश

आयकर खात्याच्या नोंदीत काकूंना २४,००० रुपये लाभांश मिळाला होता. त्यातून २,४०० रुपये कर कापून तो सरकारजमाही झाला होता. काकूंच्या पासबुकात मात्र ही रक्कम कुठेच नव्हती.

२०२२ चा जुलै. भिवंडीत धामणकर नाक्याजवळच्या आमच्या कार्यालयात त्या दिवसांत विवरणपत्रं भरणाऱ्यांची रीघ लागलेली असते. शेजारच्या टेबलावरचे करसल्लागार आयकर आणि जीएसटी बघतात. मी कंपनी सेक्रेटरी. लहान-मोठ्या खासगी कंपन्यांची वार्षिक विवरणं, सभांची इतिवृत्तं, संचालकांचे फॉर्म हे माझं काम. भिवंडी म्हटलं की बाहेरच्या माणसाला यंत्रमागाचा खडखडाट आठवतो, अलीकडे मानकोली-काल्हेरची गोदामं आठवतात. पण या मागांच्या आणि गोदामांच्या मागे शेकडो प्रायव्हेट लिमिटेड कंपन्या आहेत. बहुतेक घरातल्याच. दोन भाऊ, त्यांच्या बायका, एखादा चुलता, कधी एखादा जुना मुनीम. माझं सगळं आयुष्य या कंपन्यांच्या कागदांत गेलं आहे. म्हणून हा अनुभव लिहिते आहे. नावं आणि ओळख पटेल असे तपशील अर्थातच बाजूला ठेवले आहेत.

करसल्लागारांनी विवरणपत्र भरायला आलेल्या काकूंचं वार्षिक माहिती विवरण उघडलं. २०२१ च्या नोव्हेंबरपासून आयकराच्या पोर्टलवर हे एआयएस दिसू लागलं आणि लोकांना आपल्याच पैशांच्या अनेक गोष्टी पहिल्यांदा कळू लागल्या. त्यांनी विचारलं, "काकू, या कंपनीचा डिव्हिडंड कुठल्या खात्यात आला? पासबुकात दिसत नाही."

"कसला डिव्हिडंड? भाऊजींकडून आम्हाला कधीची दमडी आलेली नाही," काकू म्हणाल्या.

ती कंपनी सायझिंगची. मागावर ताणा चढण्याआधी सुताला खळ लावावी लागते, तापलेल्या सिलिंडरवरून वाळवावं लागतं आणि मग ते बीमवर गुंडाळून मागवाल्यांकडे पाठवावं लागतं. खळ कमी पडली तर ताणा तुटतो, जास्त झाली तर कापड कडक येतं. तीन भावांनी भागीदारीत हा कारखाना उभारला आणि नव्वदच्या दशकात त्याची प्रायव्हेट लिमिटेड कंपनी केली. मधले भाऊ म्हणजे काकूंचे यजमान. बॉयलरची रात्रपाळी वर्षानुवर्षं त्यांनीच सांभाळली. ते गेल्यावर त्यांचे १०० रुपये दर्शनी किमतीचे ४०० शेअर रीतसर काकूंच्या नावावर झाले. वारसाचा वाद नव्हता, कोर्टकचेरी नव्हती. नोव्हेंबर २०२१ च्या वार्षिक सभेत कंपनीने शेअरमागे ६० रुपये लाभांश जाहीर केला होता. थोरल्या भावाच्या, म्हणजे थोरल्या शेठच्या, घरातल्या सगळ्यांना तो आठवडाभरात मिळाला. काकू, संगमनेरला दिलेली एक आत्या आणि निवृत्त झालेले जुने मेहता, म्हणजे मुनीम, या तिघांना मिळाला नाही. तिघांचे मिळून ९०० शेअर, म्हणजे ५४,००० रुपये.

त्या वर्षीच या कंपनीचं वार्षिक विवरणांचं काम माझ्याकडे आलं होतं. त्यामुळे कंपनीच्या आतली गोष्ट काकूंना सांगणं मला शक्य नव्हतं. पण भागधारक म्हणून त्यांचा कायदेशीर हक्क काय आहे हे सांगायला मला कोणाचीही परवानगी नको होती. मी म्हणाले, "काकू, वार्षिक सभेच्या इतिवृत्ताची प्रत कंपनीकडे लेखी मागा. कलम ११९ खाली सात कामाच्या दिवसांत ती द्यावी लागते. पानाला दहा रुपयांपेक्षा जास्त घेता येत नाहीत." काकूंनी करसल्लागारांच्याच टेबलावर बसून अर्ज लिहिला. त्यांचं अक्षर सुरेख आहे. अर्जाच्या शेवटी त्यांनी यजमानांचं नाव लिहून पुढे 'यांची पत्नी' असं लिहिलं. त्याची गरज नव्हती, शेअर त्यांच्याच नावावर होते. मी काही बोलले नाही.

दुसऱ्या दिवशी मी कारखान्यात गेले आणि थोरल्या शेठना सगळं सांगितलं.

इथे कायदा काय म्हणतो ते नीट समजून घ्यायला हवं, कारण आपल्याकडे हा भाग फार थोड्यांना माहीत असतो. कंपनीने लाभांश द्यायलाच हवा असं कुठलंही बंधन नाही. नफा असूनही तो कारखान्यात ठेवायचा असेल तर ठेवावा. लाभांशाची शिफारस संचालक मंडळ करतं, सभा त्याला मान्यता देते. सभा तो कमी करू शकते, वाढवू शकत नाही. हे सगळं होईपर्यंत भागधारकाचा त्यावर हक्क नसतो. पण सभेने लाभांश जाहीर केला की त्या क्षणापासून ते कंपनीच्या डोक्यावरचं देणं होतं. २०१३ च्या कंपनी कायद्यानुसार पाच दिवसांच्या आत ती रक्कम वेगळ्या बँक खात्यात काढून ठेवावी लागते. तीस दिवसांत ती भागधारकांना पोहोचवावी लागते. तरीही कोणाची राहिलीच तर पुढच्या सात दिवसांत 'न दिलेला लाभांश' म्हणून आणखी एका खात्यात वर्ग करावी लागते. म्हणजे भागधारक सापडला नाही, पत्ता बदलला, चेक परत आला, तरी कंपनीला अडचण नाही. पैसे बाजूला काढून ठेवले की ती मोकळी. सात वर्षांत कोणी मागितले नाहीत तर ते गुंतवणूकदार शिक्षण व संरक्षण निधीत जातात आणि तिथूनही आयईपीएफ-५ हा फॉर्म भरून परत मिळवता येतात. भिवंडीत जुन्या गिरण्यांचे, पोलाद कंपन्यांचे शेअर असलेले अनेक वृद्ध या निधीच्या मागे असतात. तो वेगळा विषय आहे. तिथे पैसे निदान बाजूला काढलेले असतात.

आमच्या सायझिंगच्या कंपनीत ते बाजूला काढलेच नव्हते. कलम १२७ अशा वेळी कंपनीला दरसाल १८ टक्के सरळ व्याज लावतं. ज्या संचालकाने जाणूनबुजून हे होऊ दिलं त्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दिवसाला किमान हजार रुपये दंड होऊ शकतो. आणि कलम १६४ च्या दुसऱ्या पोटकलमात म्हटलं आहे की जाहीर केलेला लाभांश एक वर्ष किंवा त्याहून अधिक काळ दिला गेला नाही, तर त्या कंपनीच्या संचालकांना पाच वर्षं तिथे पुन्हा नेमता येणार नाही आणि दुसऱ्या कुठल्याही कंपनीत संचालक होता येणार नाही.

मी हे सगळं शेठना सांगितलं तेव्हा वर्ष पुरं व्हायला पाच महिने बाकी होते. सभा नोव्हेंबरमधली, तीस दिवस धरले तर देण्याची मुदत डिसेंबर २०२१ मध्ये संपली होती. म्हणजे डिसेंबर २०२२ पर्यंत हे तिघांचे पैसे चुकते झाले असते तर व्याज द्यावं लागलं असतं, पण अपात्रतेचा प्रश्न आला नसता.

शेठ वाईट माणूस नाहीत. लॉकडाऊनमध्ये कामगार गावी निघाले तेव्हा त्यांनी ज्यांना राहायचं होतं त्यांच्या जेवणाची सोय कारखान्यात केली होती, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. पण घरात एका जमिनीचा वाद होता. मानकोलीच्या बाजूला वडिलोपार्जित तुकडा होता, तिथे गोदाम बांधायचं होतं आणि काकू सही देत नव्हत्या. आत्याही काकूंच्या बाजूने होत्या. शेठ म्हणाले, "मॅडम, त्यांनी सही द्यावी, मी उद्या चेक देतो. घरचा मामला आहे."

"मग मेहतांचं काय, शेठ? त्यांची तर कुठल्या जमिनीवर सही नाही."

ते थोडे गप्प झाले. मग म्हणाले, "त्यांना एकट्याला दिले तर बाकीच्यांना कळेल ना."

मी त्यांना सांगितलं की लाभांश रोखून धरायला कायद्याने मोजकीच कारणं दिली आहेत. एखाद्या कायद्यामुळेच देता येत नसेल, भागधारकाच्या सूचनेप्रमाणे देणं शक्य नसेल, त्या पैशांवरच्या हक्काचा वाद असेल, भागधारकाकडून कंपनीचं रीतसर येणं असेल आणि ते वळतं केलं असेल, किंवा कंपनीचा काही दोष नसेल. जमिनीच्या सहीचं कारण यांत कुठेही बसत नाही. जमीन कुटुंबाची आहे, लाभांश कंपनीचा. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "दिवाळीनंतर बघू."

त्यांच्या हिशेबनिसाने मध्येच एक तोडगा सुचवला, तो सांगायलाच हवा, कारण मी तो भिवंडीत इतरत्रही पाहिला आहे. तो म्हणाला, "खात्यावर जमा दाखवलाय ना. काकूंच्या नावे लेजरमध्ये एन्ट्री आहे." लेजरमध्ये एन्ट्री म्हणजे देणं मान्य केल्याचा पुरावा. पैसे दिल्याचा पुरावा तो कसा होईल? लाभांश रोखच द्यावा लागतो, म्हणजे चेकने, वॉरंटने किंवा बँकेतून थेट. आणि कर कापून भरल्याची पावती तर उलट कंपनीच्याच विरुद्ध जाते. लाभांश ठरला आणि तो कोणाला किती द्यायचा हे माहीत होतं, हे त्यातून सिद्धच होतं. काकूंच्या बाजूने पाहिलं तर प्रकार आणखी वाईट आहे. जाहीर झालेला लाभांश त्या वर्षीचं उत्पन्न धरला जातो. पैसे हातात आलेले नसताना काकूंनी तो विवरणपत्रात दाखवला.

दिवाळी गेली. ऑक्टोबर अखेर भिवंडीत कापडाचा उठाव मंद होता, सुताचे भाव वरखाली होत होते, शेठचं लक्ष तिकडे. मी पुन्हा लेखी कळवलं. डिसेंबर उलटला.

आता थोडं मागे जाते. अपात्र संचालक हा शब्द भिवंडीतल्या माणसाने पहिल्यांदा मोठ्याने ऐकला तो सप्टेंबर २०१७ मध्ये. त्या महिन्यात केंद्राच्या कंपनी व्यवहार मंत्रालयाने दोन लाखांवर कंपन्यांची नावं नोंदवहीतून काढली आणि पाठोपाठ तीन लाखांहून अधिक संचालक अपात्र ठरवले. कंपनी निबंधकांच्या याद्या संकेतस्थळावर लागल्या. आधीच्या वर्षी नोटाबंदी, जुलैत जीएसटी, माग बंद-चालू होत होते आणि त्यात ही यादी. आमच्या कार्यालयात रोज माणसं आपलं नाव शोधायला यायची. बहुतेकांनी तीन वर्षं सलग वार्षिक विवरणं भरली नव्हती, कंपनी कधीच बंद पडली होती आणि ती रीतसर बंद करायची असते हे कोणी सांगितलं नव्हतं. जानेवारी २०१८ मध्ये सरकारने विलंब माफ करण्याची योजना आणली तेव्हा कुठे त्यांतल्या काहींना वाट सापडली. देशभरातल्या उच्च न्यायालयांत याचिका गेल्या. न सांगता, न विचारता नावं टाकली, ही मुख्य तक्रार होती.

त्या लाटेत मी जे पाहिलं त्याने माझं एक मत पक्कं झालं. तीन लाखांमधली माणसं संगणकाने शोधली. फॉर्म आला नाही, हे संगणकाला कळतं. लाभांश आला नाही, हे त्याला कळत नाही. एकाच पोटकलमात शेजारी-शेजारी असलेली ही दोन कारणं. एकात कागद पोहोचलेला नसतो, दुसऱ्यात माणसाचे पैसे. ज्यात कोणाचंही नुकसान झालं नसण्याची शक्यता आहे तिथे सरसकट कारवाई झाली. ज्यात विधवेचा, निवृत्त मेहत्याचा पैसा अडकतो तिथे कोणी तोंड उघडेपर्यंत काहीच हलत नाही.

हे कलम मुळात अशा माणसांसाठीच आलं होतं. नव्वदच्या दशकात लोकांकडून ठेवी गोळा करून बुडवणाऱ्या कंपन्यांची रांग लागली. १९९७ मध्ये सीआरबी कोसळली तेव्हा तर पगारदार, निवृत्त माणसांच्या आयुष्याची पुंजी गेली. तेच प्रवर्तक नव्या नावाने नवी कंपनी काढून बसायचे. म्हणून १९५६ च्या जुन्या कायद्यात २००० साली दुरुस्ती करून कलम २७४ मध्ये हे पोटकलम घातलं गेलं: ठेवी, रोख्यांचे पैसे किंवा लाभांश बुडवणाऱ्या कंपनीचा संचालक पाच वर्षं दुसरीकडे बसणार नाही. मुंबई उच्च न्यायालयात स्नोसेम इंडियाच्या प्रकरणात त्याला आव्हान दिलं गेलं आणि न्यायालयाने कलम वैध ठरवलं. पण तेव्हा ते फक्त पब्लिक कंपन्यांना लागू होतं. भिवंडीच्या घरगुती कंपन्या त्याच्या बाहेर होत्या. १ एप्रिल २०१४ पासून नव्या कायद्याचं कलम १६४ लागू झालं आणि प्रायव्हेट कंपन्याही आत आल्या. ही गोष्ट आमच्याकडच्या कित्येक शेठमंडळींना आजही माहीत नाही. त्यांच्या मनात प्रायव्हेट म्हणजे घरचं.

ऑगस्ट २०२३ मध्ये लेखापरीक्षण सुरू झालं. लेखापरीक्षकाला आपल्या अहवालात लिहावं लागतं की कुठला संचालक १६४ (२) खाली अपात्र आहे का. त्यासाठी प्रत्येक संचालकाकडून डीआयआर-८ हा फॉर्म घेतात. साधा कागद असतो. वर संचालकाचं नाव, वडिलांचं नाव, पत्ता, डीआयएन क्रमांक, मग गेल्या तीन वर्षांत कुठल्या कंपन्यांत संचालक होतो त्याचा तक्ता आणि खाली दोन पर्याय: मी अपात्र ठरलेलो नाही, किंवा मी अपात्र ठरलो आहे. नको तो खोडायचा. आमच्याकडे हा फॉर्म वर्षानुवर्षं खुर्चीवरून न उठता सही होऊन येतो. दुसरा पर्याय हिशेबनिसाने आधीच खोडलेला असतो.

त्या दिवशी मी दोन्ही पर्याय तसेच ठेवून फॉर्म शेठच्या समोर ठेवला. त्यांनी सवयीने पेन उघडलं. मी म्हणाले, "वाचून सही करा, शेठ. यात खोटं लिहिलं तर तो वेगळा गुन्हा होतो." त्यांनी चष्मा घातला. वाचायला त्यांना बराच वेळ लागला. मग त्यांनी पेन बंद केलं आणि हिशेबनिसाला म्हणाले, "तिघांचे चेक काढ. व्याज लावून."

वीस महिन्यांचं व्याज. काकूंना कर वजा जाता २१,६०० रुपये आणि त्यावर ६,४८० रुपये व्याज मिळालं. मेहतांना शंभर शेअरचे ५,४०० आणि १,६२० व्याज. मेहतांकडे मी स्वतः गेले, पद्मानगरच्या पुढे त्यांची खोली आहे. शेअरचं सर्टिफिकेट त्यांनी रेशनकार्डाबरोबर प्लास्टिकच्या पिशवीत घडी घालून ठेवलं होतं. कंपनी झाली तेव्हा जुन्या माणसांना मान म्हणून दिलेले ते शेअर. ते म्हणाले, "आम्हाला वाटलं, हे सन्मानपत्रासारखं असतं. पैसे मागायचे असतात हे कुठं ठाऊक?" ज्या माणसाने तीस वर्षं दुसऱ्याच्या पैशाचा पैसान् पैसा वहीत लिहिला त्याला स्वतःच्या पैशाचा हिशेब कोणी दिला नाही, याचा मला तेव्हा राग आला. तो आजही जात नाही.

पैसे चुकते झाले, पण वर्ष डिसेंबर २०२२ मध्येच उलटलं होतं. कलमाच्या शब्दांत पाच वर्षांची मुदत आहे. पैसे दिले की ती पुसली जाते असं त्यात लिहिलेलं नाही. लेखापरीक्षकाने अहवालात संचालक अपात्र असल्याचं नमूद केलं.

खरा घाव दुसरीकडे बसला. २०१८ मध्ये लागू झालेल्या दुरुस्तीनंतर अशी अपात्रता आली की संचालकाचं पद ज्या कंपनीने कसूर केली तिथलं राहतं आणि बाकी सगळ्या कंपन्यांतलं जातं. कसूर करणारी कंपनी एका दिवसात बिनसंचालकाची होऊ नये यासाठी ही सोय आहे. शेठची गोदामांची दुसरी कंपनी होती. तिच्यात दोनच संचालक: शेठ आणि त्यांची सून. दोघंही सायझिंगच्या कंपनीत संचालक होते. दोघांचीही पदं गेली. अपात्र असूनही काम चालू ठेवलं तर एक लाख ते पाच लाख रुपये दंड. बँकेने कर्जाचा पुढचा हप्ता अडवला, सह्या कोण करणार म्हणून. प्रवर्तक या नात्याने नवे संचालक नेमण्याची तरतूद आहे, ती वापरून मुलाला आणि जावयाला आणलं. त्यात गोदामाचं काम काही महिने रखडलं. रोखलेली रक्कम होती ५४,००० रुपये.

सुनेबद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही. ती फिजिओथेरपिस्ट. प्रायव्हेट कंपनीला किमान दोन संचालक लागतात, म्हणून लग्नानंतर वर्षभरात तिचं नाव घातलं गेलं. भिवंडीत अशा किती सुना, बायका, आया संचालक आहेत ते निबंधकाच्या नोंदी चाळल्या की कळतं. तिला मैत्रिणींबरोबर उपचारकेंद्राची स्वतःची कंपनी काढायची होती. ती आली आणि म्हणाली, "ताई, कोणाला पैसे द्यायचे नाहीत हे मला कोणी विचारलं होतं का? मी घरी आलेल्या कागदावर सही केली."

मी तिला काय सांगणार? कलम नावाला असलेला संचालक आणि खरा संचालक असा भेद करत नाही. कैदेच्या कलमात 'जाणूनबुजून' हा शब्द आहे, अपात्रतेच्या कलमात नाही. ब्रिटनमध्ये १९८६ च्या कायद्याखाली संचालकाला अपात्र ठरवण्याचा आदेश न्यायालय देऊ शकतं. बाजू ऐकून, वागणूक पाहून दोन ते पंधरा वर्षांची मुदत ठरवतं. आपल्याकडे मुदत एकच, आणि ती आपोआप सुरू होते. मला वाटतं की इथे सुनावणी हवी. ज्याने पैसे अडवले त्याला पाच वर्षं कमीसुद्धा वाटतील. ज्या मुलीला बँक खात्यावर सहीचाही अधिकार नव्हता तिला तेवढीच शिक्षा देणं बरोबर नाही. पण सुनावणी हवी म्हणून कलमच नको, असं म्हणणाऱ्यांच्या बाजूची मी नाही. गेल्या काही वर्षांत कंपनी कायद्यातल्या अनेक शिक्षा सौम्य झाल्या, काही बाबतींत ते योग्यही झालं. लाभांशाच्या बाबतीत तसं होऊ नये. आपण होऊन जाहीर केलेला पैसा, नफ्यातला, इतरांना वाटून झालेला, मूठभर माणसांपुरता रोखून धरणं यात अडचण नसते. तिथे निव्वळ जोर असतो.

आणि हा जोर चालतो तो अंधारामुळे. आमच्याकडच्या पतपेढ्यांत बघा. सहकार कायद्याने १५ टक्क्यांची मर्यादा घातलेली असली तरी लाभांशावरून वार्षिक सभेत केवढी गरमागरमी होते. कोणाच्या खात्यात जमा झाला नाही तर तो दुसऱ्या दिवशी काउंटरवर उभा असतो. तोच माणूस भावाच्या, चुलत्याच्या कंपनीत भागधारक असला की वर्षानुवर्षं विचारत नाही. सभेची नोटीस येत नाही, ताळेबंद येत नाही, आणि घरात तोंड वाजवायचं नाही म्हणून तो गप्प राहतो. आयकर खात्याकडे कर कापल्याची नोंद असते, कंपनीच्या वहीत सभेचा ठराव असतो. पैसे पोहोचले का, हा प्रश्न मात्र भागधारकानेच विचारायचा असतो.

काकूंनी जमिनीवर सही दिली की नाही, असं मला अनेकांनी विचारलं आहे. त्यांनी दिली नाही. तो त्यांचा हक्क आहे आणि त्याचा या गोष्टीशी संबंध नाही. पुढच्या वर्षीचा लाभांश मात्र त्यांना सभेनंतर बाराव्या दिवशी बँकेत मिळाला, नोटीस आणि ताळेबंदासह.

वाचकांत ज्यांच्या नावावर एखाद्या घरगुती कंपनीचे शेअर असतील त्यांना माझी विनंती आहे. या वर्षी विवरणपत्र भरताना एआयएस आणि पासबुक शेजारी-शेजारी ठेवून बघा. लाभांश एकात दिसतो आणि दुसऱ्यात दिसत नाही, असं असेल तर कंपनीला लेखी विचारा आणि सभेच्या इतिवृत्ताची प्रत मागा. उत्तर आलं नाही तर निबंधकाकडे तक्रार करता येते, आणि कलम ४३९ खाली भागधारकाला स्वतः न्यायालयातही जाता येतं. ज्यांच्या सुना-बायका कागदावर संचालक आहेत त्यांनी डीआयआर-८ त्यांच्या हातात द्यावा, त्यांना तो वाचू द्यावा आणि मगच सही मागावी. पैसे अडकले असतील तर वर्ष उलटायच्या आत मागा. त्या मुदतीत मागितले तर तुमचे पैसेही मिळतात आणि घरातल्या माणसाचं पदही वाचतं.